गाणी जमतात, आता फिल्मचं म्युझिक करायचंय? आधी फ्रान्सिस ले ऐका

मलाही वाटायचं गाण्यातले शब्द काढले की झालं बॅकग्राऊंड म्युझिक. पहिल्याच शॉर्टफिल्मला डायलॉगच्या खाली व्हायोलिनवर अख्खी चाल टाकली आणि डिरेक्टर म्हणाला, अरे ती काय बोलतेय तेच कळत नाहीये.

फ्रान्सिस ले म्हणजे फ्रान्समधल्या नीसचा अकॉर्डियनवाला, गायिका एडिथ पियाफसाठी चाली करायचा. गीतकार पिएर बारूने त्याची डिरेक्टर क्लोद लेलूशशी गाठ घालून दिली आणि १९६६ ला त्याच्या म्युझिकची 'अ मॅन अँड अ वूमन' आली, पुढे 'लव्ह स्टोरी'च्या म्युझिकला तर ऑस्कर.

तर आधी त्या १९६६च्या फिल्मचं टायटल साँग लावा. त्याला शब्द आहेत हो, पण डोक्यात काय राहतं तर ते दाबादाबादा. आता तुमची चाल घ्या, नुसतं ला ला करून फोनवर रेकॉर्ड करा, दुसऱ्या दिवशी ऐका. कंटाळा आला तर समजा सगळं वजन शब्दांवर होतं, नवीन चाल शोधा.

चाल टिकली की तिचे तुकडे करा. मुखडा, अंतरा, परत मुखडा हे विसरायचं, चाळीस सेकंदांच्या सीनला चार बारची (बार म्हणजे चार-चार बीटचा एक गट) ओळ पुरते, आणि तीच ओळ एकदा पियानोवर, एकदा अकॉर्डियनवर, एकदा निम्म्या स्पीडने वाजवून ठेवा. कोणी बोलत असेल तिथे चाल नकोच, खाली लांब सूर धरा नाहीतर सरळ गप्प बसा (गाणंवाल्यांना हेच सगळ्यात जड जातं).

मग गणित. समजा सीन सुरू झाल्यापासून १४व्या सेकंदाला दार आपटतं. १२० च्या टेम्पोला (म्हणजे मिनिटाला १२० बीट) सेकंदाला दोन बीट, म्हणजे २८ बीट, चारचारचे सात बार पूर्ण, आणि दार बरोब्बर आठव्या बारच्या समेवर. नाही जुळलं तर टेम्पो थोडा हलवा, एडिटरला कट हलवायला सांगू नका, तो ऐकणार नाही.

आणि जमलं तर लेलूशची पद्धत वापरा, तो शूटिंगच्या आधीच ले कडून म्युझिक करून घ्यायचा. डिरेक्टर ओळखीचा असेल तर स्क्रिप्ट हातात आल्याच्या आठवड्यातच त्याला थीम पाठवून द्या, नाहीतर एडिटिंगला तो कुठल्यातरी हॉलिवूड फिल्मचं म्युझिक तात्पुरतं लावतो, महिनाभर तेच ऐकतो, आणि मग तुम्ही काहीही केलं तरी म्हणतो 'छान आहे, पण त्याच्यासारखं कर ना'.