वर बघून जमीन ओळखू नका: उत्तरेकडच्या जंगलात साइट सिरीज ठरवताना या चुका टाळा

कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबिया प्रांताच्या उत्तर भागात, प्रिन्स जॉर्जच्या आसपास आणि त्याच्याही वर, जंगलात तोड किंवा लागवड ठरवण्याआधी त्या जमिनीला एक कोड दिला जातो. उदाहरणार्थ, 'एसबीएस एमके १ / ०१'. एसबीएस म्हणजे सब-बोरियल स्प्रूस हा पट्टा, एमके म्हणजे ओलसर-थंड उपपट्टा, १ हा त्याचा पोटप्रकार आणि शेवटचा ०१ म्हणजे साइट सिरीज, म्हणजे जागेचा नेमका प्रकार. कोणती रोपं लावायची, हेक्टरी किती जगली पाहिजेत, जड यंत्रं आत कधी घालायची, हे सगळं या शेवटच्या दोन आकड्यांवरून ठरतं. ते चुकले तर त्याच दिवशी काही बिघडत नाही. दहा-बारा वर्षांनी रोपं पिवळी पडून जागच्या जागी खुंटलेली दिसतात, तेव्हा कळतं.

ही पद्धत व्लादिमीर क्रायिना या चेक वनस्पतिशास्त्रज्ञाच्या कामातून आली. १९४९ साली ते ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठात आले आणि हवामान, माती आणि झाडोरा एकत्र वाचायची शिस्त त्यांनी घालून दिली. आज या प्रांतात असे १६ पट्टे आहेत.

आपल्याकडून वनशास्त्र शिकून तिकडे जाणाऱ्यांची पहिली अडचण इथेच होते. आपण चॅम्पियन आणि सेठ यांचं भारतीय जंगलांचं १९६८चं वर्गीकरण शिकलेलो असतो. त्यात हवामान आहेच, पण चंद्रपूरचं सागाचं जंगल '५ए/सी१' म्हणून ओळखताना नजर आधी सागाकडे जाते. तिकडे हीच सवय अंगाशी येते. साइट सिरीज ही जमिनीची क्षमता असते. त्या जमिनीवर आज काय उभं आहे, याला तिथे दुय्यम महत्त्व आहे. वणवा लागून सगळं जळून गेलं तरी साइट सिरीज तीच राहते.

वरची झाडं बघून निकाल देणं

लॉजपोल पाइनचे शंकू राळेने बंद असतात आणि आगीच्या धगीने उघडतात. त्यामुळे मोठ्या वणव्यानंतर हे झाड रेताड कोरड्या सपाटीवरही उगवतं आणि चांगल्या ओलसर उतारावरही. नुसता पाइन दिसला म्हणून जागा कोरडी म्हणू नका. काळ्या स्प्रूसचंही तसंच. दलदलीत तो असतोच, पण निकस, थंड कोरड्या जमिनीवरही असतो. अॅस्पेन तर मुळांतून फुटून येतो, म्हणजे तो जमिनीपेक्षा मागच्या आगीबद्दलच जास्त सांगतो.

मोठ्या झाडांच्या मुख्य थराखाली कोणती रोपं वाढताहेत ते बघा. पाइनच्या सावलीत सबअल्पाइन फर आणि स्प्रूस दाटीने वर येत असतील, तर त्या जागेचा कल कुठे आहे याचा अंदाज येतो. पण निकाल तेवढ्यावर द्यायचा नाही. तो जमिनीवर गुडघे टेकल्यावरच मिळतो.

चुकीचा तक्ता उघडणं

ही चूक गाडीतून उतरायच्या आधीच झालेली असते. '०१' हा आकडा प्रत्येक उपपट्ट्यात येतो आणि प्रत्येक ठिकाणी त्याचा अर्थ वेगळा असतो. मध्यम उतारावर, मध्यम पोताच्या खोल मातीत, बाहेरून पाणी न झिरपता केवळ तिथल्या हवामानावर जे जंगल घडतं, ते ०१. उपपट्टा बदलला की हवामान बदलतं आणि ०१ची वनस्पती-यादीही बदलते. नकाशावरची उपपट्ट्याची रेघ बऱ्याचदा उंचीवर बेतलेली असते. रेघेच्या जवळ असाल तर तिच्यावर विसंबू नका, शेजारचा मध्यम उतार शोधून तिथला झाडोरा तपासा.

आणखी एक घोळ आकड्यांचा. नव्या मार्गदर्शिकांमध्ये काही पट्ट्यांसाठी १०१, १०२ असे तीन आकडी कोड आले आहेत, जुने नकाशे मात्र ०१, ०२ वरच आहेत. जुन्या कोडपुढे १ लावला की नवा कोड झाला, असं समजू नका. फेररचनेत काही प्रकार फुटले, काही एकत्र झाले. फॉर्मवर मार्गदर्शिकेचं वर्ष लिहून ठेवलं की पुढच्या माणसाचे हाल वाचतात.

प्लॉट जिथे सोयीचा तिथे मांडणं

पाहणीसाठी आखायचा नेहमीचा प्लॉट ४०० चौरस मीटरचा, म्हणजे ११.२८ मीटर त्रिज्येचं वर्तुळ. ही त्रिज्या आडव्या अंतराची आहे. ४० टक्के उतारावर टेप जमिनीला लागून धरला तर चढ-उताराच्या दिशेने १२.१५ मीटर लागतात. हे विसरलं की प्लॉट लहान होतो.

रस्त्याची कड, ओंडके ओढून नेण्याची जुनी वाट, ओढ्याचा काठ आत येऊ देऊ नका. वर्तुळाच्या अर्ध्या भागात नेचे आणि अर्ध्यात दगडफूल असेल तर तो एक प्लॉट नव्हेच. सरकवा, नाहीतर दोन वेगळे मांडा. मोठ्या तुकड्याला एकच कोड बसत नसेल तर '७० टक्के हा, ३० टक्के तो' असं लिहिणं चालतं, पण प्लॉट मात्र एकजिनसीच हवा.

उताराच्या नोंदीत दोन ठरलेल्या चुका होतात. उतार मोजायच्या क्लायनोमीटरमध्ये अंश आणि टक्के अशा दोन पट्ट्या शेजारी असतात. २० अंश म्हणजे ३६ टक्के. भलती पट्टी वाचली तर उभा उतार सपाट वाटेल इतका फरक पडतो. दुसरी चूक होकायंत्राची. या भागात चुंबकीय उत्तर खऱ्या उत्तरेपासून १५ अंशांहून जास्त पूर्वेला सरकलेली आहे. ती दुरुस्ती केली नाही तर सीमेवरचा उष्ण दक्षिणमुखी उतार भलत्याच गटात जाऊन बसतो.

मातीचा खड्डा

सगळ्यात जास्त घोळ इथेच होतो, म्हणून इथे घाई नको.

जागा निवडताना जमिनीचे उंचवटे पाहा. वादळात झाड मुळासकट उपटलं की शेजारी एक खड्डा आणि एक ढिगारा तयार होतो. शंभर वर्षांनी झाड कुजून जातं, वर शेवाळ चढतं आणि ढिगारा निरागस दिसायला लागतो. तिथे खणलं तर थरांची खिचडी मिळते. कधी खनिज मातीच्या खाली पुन्हा काळा पालापाचोळ्याचा थर लागतो. असं दिसलं की फावडं उचला आणि दोन-तीन मीटर बाजूला जा. झाडाच्या बुंध्यालगतही खणू नका. खोली निदान ६० सेंमी, जमलं तर एक मीटर. एक बाजू सरळ, ताजी कापलेली ठेवा आणि मोजणी तिच्यावरच करा.

शून्य कुठे धरायचं? जिथे सेंद्रिय थर संपून खनिज माती सुरू होते, तिथे. तिथून खाली खनिज थर मोजायचे आणि तिथूनच वर पालापाचोळ्याचे. अनेकजण शेवाळाच्या माथ्यापासून टेप सोडतात आणि सगळे आकडे १०-१५ सेंमीने घसरतात. जिवंत शेवाळाची नोंद वेगळी ठेवायची, कुजलेल्या थरात ते मिळवायचं नाही.

आता राखाडी रंगाची गोष्ट. नवखा माणूस खड्ड्यात राखाडी थर बघतो आणि 'पाणी साचतं' असं लिहून मोकळा होतो. पण उत्तरेकडच्या जंगलात राखाडी दोन तऱ्हेचा असतो. पालापाचोळ्याच्या लगेच खाली, राखेसारखा फिकट, वरून-खालून बऱ्यापैकी स्पष्ट कडा असलेला आणि पायाशी लालसर-तपकिरी थर घेऊन बसलेला पट्टा दिसला, तर तो आतून धुतला गेलेला एई थर आहे. सेंद्रिय आम्लांनी लोह खाली नेलं, ते खालच्या थरात साठलं. जागा चांगली निचऱ्याची असते, पाण्याने तुंबलेली नव्हे. ग्ले, म्हणजे पाण्याने तुंबलेल्या मातीचा थर, मात्र बहुतेक वेळा खोलवर असतो, निळसर-हिरवट झाक असलेला, आणि त्याच मातीत, खास करून मुळांच्या जुन्या वाटांच्या कडेने, नारिंगी डाग विखुरलेले असतात. पाण्याची पातळी वर-खाली होते तिथे लोह गंजतं, म्हणून ते डाग. राखाडी आणि नारिंगी एकाच मुठीत आले तर पाणी. राखाडी वर आणि तांबडं खाली असं थरांत वेगळं असेल तर लोह धुऊन खाली गेलेलं. ग्लेचा रंग हवा लागली की बदलू लागतो, त्यामुळे तो खणल्या-खणल्या लिहा, जेवणानंतर नको. डाग किती सेंमीवर सुरू होतात, हा आकडा नक्की टिपा. ओलाव्याची किल्ली त्यावरच फिरते.

पोत बघताना २ मिमीपेक्षा मोठे खडे आणि मुळं काढून सुपारीएवढा गोळा घ्या. थेंबथेंब पाणी घालत पोळीच्या कणकेइतका मऊ करा आणि निदान मिनिटभर मळा. कमी मळलं तर चिकणमातीची ढेकळं वाळूसारखी खरखरीत लागतात. जास्त पाणी झालं तर वाळूही गाळासारखी वाटते. मग अंगठा आणि तर्जनीमधून पट्टी काढा. चिकणमातीची पट्टी पाच-सात सेंमी न तुटता लोंबकळते, चोळली की चमकते आणि बोटांच्या रेघांत अडकून राहते. पोयट्याला लोक हमखास चिकणमाती समजतात. तो ओला असताना साबणासारखा गुळगुळीत लागतो, पण पट्टी लवकर तुटते आणि वाळल्यावर मैद्यासारखा हातावरून झटकून जातो.

दगडांचं प्रमाण विसरू नका. चांगली मध्यम पोताची माती, पण तिच्यात ७० टक्के गोटे असतील तर पाणी धरायला जागाच उरत नाही. तिला कोरड्या बाजूला सरकवावं लागतं.

आजचा ओलावा लिहिणं

ओलावा-श्रेणी ० ते ८ अशी असते, अतिकोरड्यापासून पाण्यात बुडालेल्यापर्यंत. ती सबंध वाढीच्या हंगामात पाणी किती मिळतं याची असते. काल पाऊस पडला, हात ओला झाला, म्हणून पायरी बदलत नाही. मे महिन्यात खड्ड्याच्या भिंतीतून झिरपणारं पाणी बरेचदा वितळलेल्या बर्फाचं असतं. ऑगस्टमध्ये तिथे टिपूसही नसतो. झिरपणं कायमचं आहे की तात्पुरतं हे डागांवरून आणि उताराच्या जागेवरून ठरवा. अगदी उत्तरेला जूनमध्ये फावडं टणक थराला लागलं तर तो खडक समजू नका. तो अजून न वितळलेला बर्फही असू शकतो, आणि त्यावर साठलेलं पाणी ही पाण्याची खरी पातळी नसते.

पाणथळ जागी पिवळट-तपकिरी पीट, म्हणजे अर्धवट कुजलेल्या वनस्पतींचा थर, लागला तर तो मुठीत पिळा. बोटांतून स्वच्छ पाणी आलं तर पीट कच्चा आहे. लापशीसारखा लगदाच बाहेर आला तर पूर्ण कुजलेला. फॉन पोस्टच्या १ ते १० मापात पहिल्या चार पायऱ्या कच्च्याच्या, ५-६ मधल्या, ७ पासून पुढे कुजलेल्या.

काळं म्हणजे सुपीक?

विदर्भ-मराठवाड्याच्या माणसाला काळी माती दिसली की कापूस दिसतो. उत्तरेत तसं नाही. हिमनद्यांनी खरवडलेल्या या जमिनीत मूळची गांडुळं जवळजवळ नाहीत, थंडीमुळे कुजणं मंद, आणि स्प्रूसचा पाचोळा आम्लधर्मी. त्यामुळे वर जाड, काळा, तेलकट थर साचतो आणि पोषण त्यातच अडकून पडतं. अशा जाड थराला मोर म्हणतात. तो बहुधा निकस जागेची खूण असतो.

काळा थर बोटांत चोळून पाहा. खरखर लागली तर खनिज मातीत मिसळलेला एएच थर, तो खरोखर समृद्धीचा पुरावा. नुसता तेलकट, बोट काळं करणारा असेल तर तो सेंद्रिय एच थर. फॉर्मवर या दोन अक्षरांची अदलाबदल झाली की पोषण-श्रेणी एकदम दोन पायऱ्या वर जाते.

एका रोपट्यावर भिस्त

खुणेच्या वनस्पती प्रमाणात मोजायच्या असतात. ४०० चौरस मीटरमध्ये १ टक्का म्हणजे २ बाय २ मीटरचा चौकोन, ०.१ टक्का म्हणजे साधारण ६३ बाय ६३ सेंमी. हा चौकोन डोळ्यात बसला की अंदाज सुधारतो. कोपऱ्यातल्या खळग्यात हातभर स्फॅग्नम शेवाळ आहे म्हणून जागा दलदल होत नाही. कुजक्या ओंडक्यावर वाढणाऱ्या गोष्टी मातीबद्दल काही सांगत नाहीत.

दगडफुलांचा पांढरा गालिचा कोरड्या निकस जागेकडे बोट दाखवतो. ओक फर्न हे नाजूक नेचं ओलसर आणि बऱ्या पोषणाच्या जमिनीवर, तर डेव्हिल्स क्लब हे काटेरी झुडूप ओल्या समृद्ध जमिनीवर. त्याच्या काट्यांमुळे लोक तिथून लवकर निघतात आणि नोंद अर्धवट राहते. हॉर्सटेल दाटीने असेल तर पाणी जवळ. याउलट बंचबेरी आणि फेदर शेवाळं जवळजवळ सगळीकडे असतात. त्यांच्यावरून निकाल काढू नका. फायरवीड आणि ब्ल्यूजॉइंट गवत तोडीनंतर माजतं, ते मोजून जागा ठरवणं म्हणजे पावसाळ्यात उगवलेल्या टाकळ्यावरून माळाची जात ठरवण्यासारखं.

माती एक सांगते, झाडोरा दुसरं

अशा वेळी सरासरी काढून मधला कोड लिहायची फार इच्छा होते. तो हमखास चुकतो. आधी उपपट्टा बरोबर आहे का ते पाहा. मग ५-१० मीटरवर दुसरा छोटा खड्डा घ्या किंवा ऑगर, म्हणजे मातीचा गिरमिट, मारा. पहिला उन्मळल्या झाडाच्या ढिगाऱ्यात पडला असेल. त्यानंतर चढावर २०-३० मीटर चालून जा: वरून पाणी झिरपत येत असेल तर कोरडी दिसणारी मातीही हिरवीगार झाडी पोसते आणि झाडोरा खरं बोलत असतो. अलीकडची तोड, वणवा किंवा किड्यांची साथ असेल तर उलट, मातीवर जास्त भर द्या. एवढं करूनही तिढा सुटला नाही तर दोन्ही शक्यता फॉर्मवर लिहा, खड्ड्याच्या कापलेल्या बाजूचा टेपसकट फोटो जोडा आणि जुलै-ऑगस्टमध्ये, पानं पूर्ण उमललेली असताना, तोच प्लॉट पुन्हा बघायची खूण करून ठेवा.