प्लस संपलं, गेमला कुलूप लागलं: आता काय करायचं?

प्लेस्टेशन प्लस म्हणजे सोनीच्या प्लेस्टेशन कन्सोलचं पैसे भरून घ्यायचं सदस्यत्व. त्याची मुदत संपली म्हणून क्लेम केलेले, म्हणजे सदस्य म्हणून आपल्या नावावर घेतलेले गेम पुसले जात नाहीत. लायब्ररीत नाव राहतं, डाउनलोड केलेला गेम कन्सोलवर जागा अडवून बसतो. फक्त आयकॉनवर कुलूप येतं आणि उघडायला गेलं की सदस्यत्व घ्या म्हणून सांगितलं जातं. पुन्हा पैसे भरले की कुलूप निघतं, मध्ये महिना गेला काय नि दोन वर्षं गेली काय. घोळ होतो तो दुसरीकडे. लायब्ररीत शेजारीशेजारी दिसणारे गेम वेगवेगळ्या हक्कानं आलेले असतात, त्यामुळे मुदत संपल्यावर एक चालतो, दुसरा अडतो आणि तिसरा पैसे भरूनही परत येत नाही.

गेम कोणत्या हक्कानं आलाय?

भारतात जून २०२२ पासून प्लसच्या तीन पायऱ्या आहेत: इसेन्शियल, एक्स्ट्रा आणि डीलक्स. तिन्हीत दर महिन्याला काही गेम क्लेम करायला मिळतात. महिन्याच्या पहिल्या मंगळवारी नवे येतात आणि पुढच्या महिन्याच्या पहिल्या मंगळवारच्या आदल्या दिवसापर्यंत घेता येतात. क्लेम करणं म्हणजे स्टोअरमध्ये 'ॲड टू लायब्ररी' दाबणं, बस्स. डाउनलोड करावं लागत नाही, कन्सोलही चालू लागत नाही. मोबाइलवरच्या प्लेस्टेशन ॲपमधून किंवा ब्राउझरमधूनही होतं. घरी पीएस ४ असला तरी पीएस ५ चे गेम तिथून क्लेम करून ठेवता येतात. उद्या कन्सोल बदलला तर ते तयार असतात. कुलूप लागून पुन्हा निघतं ते या गेमना.

एक्स्ट्रा आणि डीलक्समध्ये गेमचा जो मोठा कॅटलॉग मिळतो, त्याची गोष्ट निराळी. तिथे क्लेम नावाचा हक्कच तयार होत नाही. गेम फक्त खेळायला उघडा असतो. तो दोन कारणांनी बंद होतो: तुमची मुदत संपली म्हणून, किंवा गेमच कॅटलॉगमधून काढला म्हणून. दुसरं झालं की एक्स्ट्रा चालू असूनही तो खेळता येत नाही. ये-जा बहुधा तिसऱ्या मंगळवारी होते आणि जाणारे गेम आधी 'लास्ट चान्स टू प्ले' या रांगेत दिसतात. एक्स्ट्रावरून इसेन्शियलवर उतरलात तर कॅटलॉगचे गेम अडतात, महिन्याचे क्लेम चालू राहतात.

इथे एक खाच आहे. कॅटलॉगमधून आधीच डाउनलोड केलेला गेम पुढे महिन्याच्या गेममध्ये आला, तर बरेच जण 'आपल्याकडे आहेच की' म्हणून सोडून देतात. सोडू नका. त्या महिन्यात स्टोअरच्या पानावर जाऊन तो रीतसर लायब्ररीत घाला, नाहीतर कॅटलॉगमधून गेला की तुमच्या हातातूनही गेला.

पीएस ५ वर पूर्वी प्लस कलेक्शन नावाचा जुन्या गेमचा गठ्ठा मिळायचा, तो ९ मे २०२३ ला बंद झाला. त्याआधी ज्यांनी क्लेम केलं त्यांना ते गेम आजही मिळतात, पण सदस्यत्व चालू असेल तरच.

प्लसच्या सवलतीत विकत घेतलेला गेम मात्र कायमचा तुमचा. सवलत सदस्यांसाठी होती म्हणून खरेदी परत जात नाही. विकत घेतलेलं डीएलसी, म्हणजे गेमला जोडायचा जादा भाग, तोही राहतो, पण मूळ गेम क्लेमचा असेल तर तो उघडत नाही तोवर डीएलसी नुसतं पडून राहतं. म्हणून क्लेमच्या गेमवर डीएलसीसाठी पैसे घालताना दोनदा विचार करावा.

पैसे भरलेत तोवर सगळं क्लेम करा

सोलापूरकराला ही सवय शिकवावी लागत नाही. नळाला पाणी यायच्या दिवशी हंडा, कळशी, बॅरल, जे हाताला लागेल ते भरून ठेवायचं. आत्ता तहान आहे का, हा प्रश्न नसतो. महिन्याच्या गेमचंही तेच. आवडीचा नसला, जागा नसली, आत्ता पीएस ५ नसला तरी 'ॲड टू लायब्ररी' दाबून ठेवा. मुदत संपलेल्या काळात आलेले गेम नंतर पैसे भरून मिळत नाहीत. तेवढं भोक कायमचं राहतं.

वर्षभराचे पैसे भरायचे नसतील तर एक महिना नीट मोजून घ्या. समजा, परीक्षा संपल्यावर २० एप्रिलला एक महिन्याचं सदस्यत्व घेतलं. एप्रिलचे गेम त्याच दिवशी क्लेम होतात आणि मेच्या पहिल्या मंगळवारी आलेलेही मिळतात, कारण मुदत २० मेच्या आसपास संपते. एका महिन्याच्या पैशात दोन महिन्यांचे गेम. तेच सदस्यत्व पहिल्या मंगळवारच्या संध्याकाळी घेतलंत आणि पुढच्या महिन्याचा पहिला मंगळवार पाच आठवड्यांवर असला, तर एकाच महिन्याचे हाती लागतात. उन्हाळ्याच्या सुट्टीत, बाहेर ऊन चाळिशीच्या वर असताना, घरात बसून खेळणाऱ्याला एप्रिल-मेचा हा हिशेब वर्षाच्या योजनेपेक्षा परवडतो. पण जूनमध्ये शाळा-कॉलेज सुरू झालं की कुलूप लागणार, हे धरूनच घ्या.

डिस्कवर घेतलेले गेम प्लसशिवाय चालतात, अडतं ते ऑनलाइन खेळणं. ईए एफसीमध्ये करिअर मोड चालेल, ऑनलाइन मॅच नाही. जीटीए ऑनलाइनलाही प्लस लागतं. फोर्टनाइट, रॉकेट लीग, एपेक्स लेजंड्स यांसारखे फुकट गेम प्लसशिवाय ऑनलाइन खेळता येतात.

सेव्हचं काम मुदत संपण्याआधी उरका

गेम परत मिळतो, पण त्यातली प्रगती मिळेलच असं नाही, आणि खरं नुकसान इथेच होतं. कन्सोलच्या आतला सेव्ह, म्हणजे जतन केलेली प्रगती, मुदत संपल्यानं जात नाही. क्लाउडमधला, म्हणजे सोनीच्या सर्व्हरवरचा, मात्र अडतो: वर चढवता येत नाही, खाली उतरवता येत नाही. सदस्यत्व संपल्यापासून सहा महिने उलटले की क्लाउडमधला डेटा सोनी पुसू शकते. म्हणजे गेम दोन वर्षांनी उघडेल, पण ऐंशी तासांची प्रगती उडालेली असेल.

पीएस ४ वर उपाय सोपा आहे. पेनड्राइव्ह एफएटी३२ किंवा एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करून लावा. सेटिंग्जमध्ये 'ॲप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट', त्यात 'सेव्ह्ड डेटा इन सिस्टिम स्टोरेज', मग 'कॉपी टू यूएसबी स्टोरेज डिव्हाइस'. सेव्ह आकारानं लहान असतात, त्यामुळे साधा पेनड्राइव्हही बहुतेकांना पुरतो.

पीएस ५ वर ही सोय फक्त पीएस ४ च्या गेमच्या सेव्हना आहे. पीएस ५ च्या गेमचा सुटा सेव्ह पेनड्राइव्हवर काढता येत नाही. दोनच वाटा उरतात. एक, मुदत असेपर्यंत सेव्ह क्लाउडवर चढले आहेत का ते 'सेव्ह्ड डेटा अँड गेम/ॲप सेटिंग्ज'मध्ये जाऊन तपासणं, आणि कन्सोलमधली प्रत पुसायची नाही. दोन, सगळ्या कन्सोलचा बॅकअप: सेटिंग्ज, सिस्टिम, सिस्टिम सॉफ्टवेअर, 'बॅक अप अँड रिस्टोर'. यात गेम वगळून फक्त सेव्ह आणि सेटिंग्ज घेतल्या तर काम लवकर होतं. बॅकअप चालू असताना वीज गेली तर तो अर्धवट राहतो, म्हणून कन्सोल इन्व्हर्टरच्या लाइनवर नसेल तर सकाळी लवकर उरका.

कुलूप लागलेला गेम पुढे डिस्कवर घ्यायचा असेल तर विभाग बघा. भारतीय स्टोअरच्या गेमचा सेव्ह अमेरिकी छापाच्या डिस्कला बहुधा चालत नाही, कारण वरचं नाव तेच असलं तरी आतला क्रमांक वेगळा असतो. डीएलसीलाही हाच नियम. पीएस ४ आणि पीएस ५ या आवृत्त्यांचे सेव्हही वेगळे असतात. काही गेम एकाचा दुसऱ्यात घेऊ देतात, सगळे नाही.

दादा पुण्याला, कन्सोल घरी

जुळे सोलापूर असो की विजापूर रोड, बऱ्याच घरांत चित्र असंच: खातं मोठ्या भावाचं, तो पुण्याला शिकायला, आणि कन्सोलवर धाकटा स्वतःच्या युजरनं खेळतो. दादाच्या खात्यावर तो पीएस ४ 'प्रायमरी' असल्यामुळे किंवा पीएस ५ वर 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' चालू असल्यामुळे हे जमतं. एका खात्याला अशी मुभा एका पीएस ४ वर आणि एका पीएस ५ वर मिळते. दादाचं प्लस संपलं की दोघांचेही क्लेम एकदम अडतात. धाकट्यानं स्वतःच्या खात्यावर प्लस घेतलं तरी दादानं क्लेम केलेले गेम उघडत नाहीत. क्लेम एका खात्यातून दुसऱ्यात जात नाही. पैसे भरायचे ते दादाच्याच खात्यात.

मुदत नकळत संपण्याचं नेहमीचं कारण बँकेत असतं. रिझर्व्ह बँकेच्या १ ऑक्टोबर २०२१ पासून लागू झालेल्या नियमांनुसार, कार्डातून आपोआप वळते होणारे पैसे ई-मँडेटशिवाय, म्हणजे बँकेत आधी नोंदवलेल्या परवानगीशिवाय, कापले जात नाहीत. जून २०२२ पासून १५,००० रुपयांपर्यंतच्या वसुलीला दर वेळी ओटीपी लागत नाही, पण मँडेट नोंदलेलं असावं लागतं आणि २४ तास आधी बँकेचा निरोप येतो. कार्ड बदललं, खात्यात शिल्लक नसली, की रिन्यू अडतं. निरोप दादाच्या मोबाइलवर येतो आणि कुलूप धाकट्याला दिसतं. यातून सुटायचं तर ऑटो-रिन्यू बंद करून प्लेस्टेशनच्या वॉलेटमध्ये कोडनं पैसे भरा आणि हवं तेव्हा हातानं सदस्यत्व घ्या. ऑटो-रिन्यू बंद केल्यानं उरलेले दिवस कापले जात नाहीत. पीएस ५ वर वाट अशी: सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अकाउंट, पेमेंट अँड सबस्क्रिप्शन्स, सबस्क्रिप्शन्स.

पैसे भरले, तरी कुलूप

आधी बघा, पैसे ज्या खात्यात भरले तेच खातं क्लेमचं आहे का. घरात दोन-तीन युजर असले की निम्म्या तक्रारी इथेच संपतात. खातं बरोबर असेल तर लायसन्स, म्हणजे गेम चालवण्याची परवानगी, पुन्हा उतरवा. पीएस ५ वर सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अदर, 'रिस्टोर लायसन्सेस'. पीएस ४ वर सेटिंग्ज, अकाउंट मॅनेजमेंट, 'रिस्टोर लायसन्सेस'. हे क्लेम ज्या खात्याचं त्याच खात्यानं लॉगिन करून करायचं, इंटरनेट चालू ठेवून. मग कन्सोल रीस्टार्ट. तरीही कुलूप दिसलं तर गेम कॅटलॉगचा होता आणि आता तिथे नाही, ही शक्यता सर्वांत मोठी. स्टोअरच्या पानावर किंमत दिसत असेल तर उत्तर मिळालं. गेम डिलीट करून पन्नास-साठ जीबी पुन्हा उतरवण्याआधी ही तपासणी करा. डिलीट केल्यानं क्लेम जात नाही, पण डेटा आणि रात्र दोन्ही जातात.

'गेम भरून' मिळणारा जुना कन्सोल

जुना पीएस ४ घेताना 'आत तीस गेम आहेत' म्हणून दोन-चार हजार जास्त मागितले जातात. ते गेम विकणाऱ्याच्या खात्याचे असतात. त्यातले क्लेमचे गेम त्याचं प्लस असेपर्यंत चालणार. विकत घेतलेलेही तो दूर बसून बंद करू शकतो: खात्याच्या वेबपानावरून सगळी उपकरणं निष्क्रिय करण्याची सोय सहा महिन्यांतून एकदा मिळते. दुकान नवी पेठेत असो की ओळखीच्याचं, डिजिटल गेमची किंमत शून्य धरा आणि फक्त हातात आलेल्या डिस्कचे पैसे मोजा. डिस्क तिथेच लावून बघा. पीएस ५ ची डिजिटल आवृत्ती असेल तर तिला डिस्कची खाचच नसते, हे बोलणी करण्याआधी बघून घ्या.

एक्सबॉक्स आणि स्विच

एक्सबॉक्सवर आता दर महिन्याचं क्लेम उरलेलं नाही. तशी सोय देणारं गेम्स विथ गोल्ड १ सप्टेंबर २०२३ ला बंद झालं. त्यात मिळालेले एक्सबॉक्स ३६० चे गेम सदस्यत्व नसलं तरी तुमचे राहतात. एक्सबॉक्स वनचे गेम चालू सदस्यत्व मागतात. गेम पास या एक्सबॉक्सच्या सदस्यत्वातले गेम प्लसच्या कॅटलॉगसारखेच: मुदत संपली की बंद, यादीतून निघाले की बंद. जाणारा गेम आवडीचा असेल तर यादीत असेपर्यंतच सदस्यांच्या सवलतीत विकत घ्या. एक गोष्ट इथे बरी आहे: सेव्ह क्लाउडवर ठेवायला एक्सबॉक्स पैसे घेत नाही, त्यामुळे गेम बंद पडला तरी प्रगती शाबूत राहते.

निन्टेंडो स्विचवर ऑनलाइन सदस्यत्वाची मुदत संपली की जुन्या कन्सोलच्या गेमचा संग्रह बंद होतो, आणि एक्स्पान्शन पॅक या वरच्या सदस्यत्वातून मिळालेलं डीएलसी, उदाहरणार्थ मारिओ कार्ट ८ चे जादा ट्रॅक, तेही अडतं. क्लाउड सेव्हसाठी १८० दिवसांची सवड असते. त्या आत पुन्हा सदस्यत्व घेतलं तर सेव्ह परत मिळतात. आणि मुदत चालू असतानाही जुन्या गेमच्या संग्रहाला सात दिवसांतून एकदा इंटरनेट दाखवावं लागतं, म्हणून सुट्टीत स्विच घेऊन गावी जाणार असाल तर निघण्याआधी घरच्या वायफायवर संग्रह एकदा उघडून घ्या.