कोपऱ्यातला एफपीएसचा आकडा बघताय? मग या चुका टाळा

गेल्या मे महिन्यात परुळ्याहून एक कॉलेजातला मुलगा स्कूटरच्या पायाशी कॅबिनेट ठेवून माझ्या दुकानात आला. चाकरमान्यांच्या गाड्यांच्या गर्दीतून कुडाळपर्यंत कसा पोचला, देव जाणे. म्हणाला, "काकानू, साठ दाखवता, तरी अडाकता."

गेम लावून बघितलं. पडद्याच्या कोपऱ्यात एफपीएस, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम (चित्रं) येतात तो आकडा, खरंच ५७, ५८, ६० असं काहीतरी चाललेला, आणि गेममधली गाडी वळवली की पडदा क्षणभर गोठायचा. आकडा खरा होता आणि त्याची तक्रारही खरी होती.

सगळ्यात जास्त लोक चुकतात ते इथेच. एफपीएस ही सरासरी आहे. ६० एफपीएस असतील तर एका फ्रेमच्या वाट्याला १६.७ मिलिसेकंद येतात. आता समजा, एका सेकंदात ५४ फ्रेम वेळेवर आल्या, त्यात ९०० मिलिसेकंद गेले, आणि पंचावन्नावी एकटीच १०० मिलिसेकंद अडून बसली. काउंटर दाखवणार ५५. तुम्हाला मात्र सेकंदाचा दहावा भाग खेळ थांबलेला जाणवणार, आणि समोरचा नेमका तेव्हाच गोळी घालणार.

म्हणून नुसता एफपीएस लावू नका, फ्रेमटाइमचा, म्हणजे एकेका फ्रेमला किती वेळ लागला त्याचा, ग्राफ लावा. एमएसआय आफ्टरबर्नर या मोजमापाच्या प्रोग्रॅममध्ये मॉनिटरिंगच्या यादीत फ्रेमटाइम निवडायचा, ऑन-स्क्रीन डिस्प्लेवर खूण करायची आणि टेक्स्टऐवजी ग्राफ ठेवायचा. रेघ सपाट असेल तर ४५ एफपीएसवरही गेम सुखाने खेळता येतो. मधेच माडासारखे उंच सुळके उठत असतील तर ९० असूनही उपयोग नाही. ग्राफ नको असेल तर '१ टक्का लो' हा आकडा तरी ठेवा. सगळ्यात मंद फ्रेम कशा चालल्यात, ते तो सांगतो.

परुळ्याच्या मशीनवर मी ग्राफच्या खाली रॅमचा वापरही लावला. आठ जीबीपैकी जवळजवळ आठही भरलेले. "दोन काठ्या घातलंय मरे," तो म्हणाला. उघडून बघितलं तर रॅमच्या पट्ट्या, त्याच्या भाषेत काठ्या, दोन होत्याच, पण विंडोजला एकच दिसत होती. दुसरीचे सोनेरी पाय काळसर पडलेले. घर समुद्रापासून हाकेच्या अंतरावर, खिडकी कायम उघडी. खारी हवा कोणाला सोडते? शाळेतला साधा खोडरबर हलक्या हाताने घासला, कीस झटकला आणि काठ्या दुसऱ्या आणि चौथ्या स्लॉटमध्ये बसवल्या. बहुतेक चार स्लॉटच्या बोर्डांवर दोन काठ्यांची जागा तीच असते, तरी मॅन्युअल बघावं. सोळा जीबी दिसले, ड्युअल चॅनेल चालू झाला (म्हणजे दोन्ही काठ्या जोडीने काम करायला लागल्या), सुळके गेले. एफपीएसचा आकडा मात्र ६०च राहिला, कारण त्याचा मॉनिटरच ६० हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला साठच चित्रं दाखवणारा, आणि व्ही-सिंक (फ्रेम मॉनिटरच्या वेगाला बांधणारी सेटिंग) चालू. नुसत्या आकड्यावरून काही बदललंय असं कोणी म्हटलंच नसतं.

आकडाच दिसत नाही

फोनवर विचारला जाणारा हा सगळ्यात नेहमीचा प्रश्न, आणि उत्तर बहुतेक वेळा साधं असतं. आफ्टरबर्नर टाकताना सोबत येणारा रिव्हाट्यूनर हा जोडप्रोग्रॅम लोक 'हे काय आणखी' म्हणून वगळतात. पडद्यावर आकडा काढण्याचं काम तोच करतो. तो नसेल तर आफ्टरबर्नर मुकं. दुसरं, फ्रेमरेटवर टिचकी मारली म्हणजे झालं असं वाटतं. ऑन-स्क्रीन डिस्प्लेची खूण वेगळी करावी लागते. विंडोजच्या गेम बारमध्ये (विंडोज आणि जी या कळा) एफपीएसला आधी परवानगी द्यावी लागते आणि मशीन एकदा रीस्टार्ट करावं लागतं. ते कोणी करत नाही.

एफपीएस दाखवणारा जुना प्रोग्रॅम फ्रॅप्स अजून काही जणांच्या पेनड्राइव्हवर आहे. २०१३ नंतर त्याची नवी आवृत्ती आली नाही, डायरेक्टएक्स १२ आणि वल्कन या नव्या ग्राफिक्स पद्धतींवरच्या गेममध्ये तो काही दाखवत नाही. टाकून द्या.

खरं म्हणजे निम्म्या लोकांना बाहेरचं काही लागतच नाही. स्टीम या गेमच्या अ‍ॅपच्या इन-गेम सेटिंगमध्ये काउंटर आहे. एनव्हिडियाचं अ‍ॅप असेल तर ऑल्ट-आर, एएमडीचं अ‍ॅड्रेनालिन असेल तर कंट्रोल-शिफ्ट-ओ. काउंटर-स्ट्राइक २ मध्ये कन्सोलवर सीएल_शोएफपीएस १ लिहिलं की झालं. यातलं एकच लावा. चार ओव्हरले (गेमवर आकडे काढणारे असे प्रोग्रॅम) एकावर एक चढवले की ते आपसात भांडतात, आणि मग ज्याचं मोजमाप करायचं तेच मोजणाऱ्यामुळे अडकतं. ऑनलाइन गेममध्ये अँटी-चीट (लबाडी पकडणारा प्रोग्रॅम) बाहेरच्या ओव्हरलेला अडवू शकतं. तिथे गेमचाच काउंटर वापरलेला बरा.

आणि आफ्टरबर्नर कुठूनही उतरवू नका. २०२२ मध्ये त्याच्या नावाने हुबेहूब बनावट साइट्स निघाल्या होत्या. त्या पीसीत क्रिप्टो मायनर, म्हणजे तुमच्या मशीनची ताकद वापरून गुपचूप क्रिप्टोचलन काढणारा प्रोग्रॅम, सोडायच्या. एफपीएस बघायला म्हणून टाकलेल्या वस्तूनेच एफपीएस खायचे, ही गंमत वेगळीच.

साठच्या पुढे जातच नाही

१४४ हर्ट्झचा मॉनिटर आणला, पण विंडोजमध्ये तो अजून ६० वरच आहे. डिस्प्ले सेटिंगमध्ये अ‍ॅडव्हान्स्ड डिस्प्ले उघडा, तिथे बदला. एचडीएमआयची वायर ग्राफिक्स कार्डाऐवजी मदरबोर्डला लावलेली तर मी महिन्यातून एकदा तरी बघतो.

लॅपटॉपवाल्यांनी आकडा ३० वर चिकटला की आधी घरातला पंखा फिरतोय का बघावं. पावसाळ्यात आमच्याकडे लाइट जाते-येते, लॅपटॉप बॅटरीवर गेलेला खेळण्याच्या नादात कळतही नाही, आणि एनव्हिडियाचं बॅटरी बूस्ट चालू असेल तर ते ३० ची मर्यादा घालू शकतं. व्ही-सिंकमुळेही काही गेम ६० जमले नाहीत की थेट ३० वर उतरतात.

टक्के वाचताना

ग्राफिक्स कार्ड ९८-९९ टक्के दिसलं की लोक घाबरतात. घाबरू नका, ते पूर्ण राबतंय, तसंच हवं. एफपीएस कमी आणि कार्ड ५० टक्क्यांवर, हे वाईट लक्षण. एक तर कुठेतरी मर्यादा लागलीय, नाहीतर प्रोसेसर पुरा पडत नाहीये. "पण सीपीयू तर तीसच टक्के आहे" असं लगेच ऐकू येतं. ते सीपीयूच्या, म्हणजे प्रोसेसरच्या, सगळ्या कोअरचे (आतल्या भागांचे) मिळून तीस. एकच कोअर फुल्ल भरलेला असला तरी गेम तिथेच तुंबतो. कोअर वेगवेगळे लावून बघा.

दोन मिनिटं खेळून निकाल लावू नका. कौलांखालच्या पडवीत, मे महिन्याच्या दुपारी, मशीनची खरी ताकद कळते ती वीस मिनिटांनंतर. तापमान आणि क्लॉक स्पीड (चिप किती वेगाने चालतेय ते) दोन्ही ओव्हरलेवर ठेवा. तापमान चढून थांबलं आणि क्लॉक उतरायला लागला, की एफपीएस का पडतायत ते वेगळं सांगायला नको. आमच्याकडची तांबडी धूळ हवेतल्या ओलाव्याने हीटसिंकमध्ये गाऱ्यासारखी बसते. ब्लोअर मारताना पंख्याची पाती बोटाने धरून ठेवा, नाहीतर भिंगरीसारखा फिरून बेअरिंग जातं.

फ्रेम जनरेशन चालू करून "डबल झाले" म्हणणारेही भेटतात. मधल्या फ्रेम कार्डाने बनवलेल्या असतात, माउसला मिळणारा प्रतिसाद मूळच्या फ्रेमचाच. मूळ ३० असतील तर ६० दिसूनही हाताला जडच लागणार. स्टीमने २०२५ मध्ये आणलेला परफॉर्मन्स मॉनिटर दोन्ही आकडे वेगळे दाखवतो, तो बघा.

शेवटची चूक शब्दाची. पोरं सगळ्यालाच 'लॅग' म्हणतात. फ्रेमटाइमची रेघ सपाट आहे आणि तरी समोरचा खेळाडू इथून तिथे उडी मारतोय, तर तो पिंग, म्हणजे नेटवरून निरोप जाऊन यायला लागणारा वेळ. त्यासाठी ग्राफिक्स लो करून काही होत नाही. वायफायऐवजी वायर लावून बघा, आणि घरात इन्व्हर्टर असेल तर राउटर त्यावर आहे का, तेही बघा.