तबेल्यात वावरणाऱ्या लहान मुलाला कामाची रीत कशी लावावी

माथेरानमध्ये मोटारींना बंदी असल्यामुळे अनेक घरांचे पोट घोड्यावर चालते, आणि अशा घरातले मूल चालायला लागले की तबेल्यात पोहोचतेच. त्याला अडवण्यापेक्षा रीत शिकवणे बरे. सुरुवात जवळ जाण्यापासून करावी. घोड्याला थेट पाठीमागचे दिसत नाही, म्हणून मुलाने त्याला नावाने हाक मारत खांद्याच्या बाजूनेच जावे, आणि त्याने कान मागे पाडले असतील तर तिथूनच परतावे. पाच-सहा वर्षांच्या मुलाला अर्धी भरलेली बादली उचलू द्यावी, खरारा, म्हणजे ब्रशने अंग घासणे, मान आणि खांद्यापुरताच करू द्यावा. पोट, मागचे पाय आणि खूर मोठ्यांनीच पाहावेत. गाजर भरवताना बोटे जुळवून तळहात सपाट ठेवायला लावावे, कारण घोड्याला स्वतःच्या तोंडाखालचे दिसत नाही आणि वाकलेले बोट तो गाजर समजून चावू शकतो. चंदीचा, म्हणजे घोड्याच्या दाणा-खुराकाचा, डबा मात्र मुलाच्या हाती कधीही देऊ नये: घोड्याला उलटी करता येत नाही, त्यामुळे मायेने पुन्हापुन्हा घातलेल्या ओंजळींनी पोटशूळ उठून त्याच्या जिवावर बेतू शकते. पायांत बंद बूट, लीद काढल्यावर साबणाने हात धुणे आणि धनुर्वाताची लस वेळेवर घेणे, यांत सवलत नाही.