‘डायलेथिया’ ही संज्ञा नेमकी कशी वापरावी

एखादे विधान खरे असेल आणि त्याच विधानाचा निषेधही, म्हणजे ‘तसे नाही’ हे विधानही, खरे असेल, तर त्या विधानाला तत्त्वज्ञानात डायलेथिया म्हणतात. अशी काही विधाने खरोखरच आहेत, या मताला डायलेथिझम असे नाव आहे आणि हे मत मानणाऱ्याला डायलेथिस्ट म्हणतात. व्याख्या एवढीच असली, तरी ती वाचून पुढे गेलेला लेखक दुसऱ्याच परिच्छेदात ही संज्ञा मनाच्या द्विधा अवस्थेला, दोन पक्षांच्या मतभेदाला किंवा कवितेतल्या विरोधाभास अलंकाराला लावून मोकळा होतो. यांपैकी एकही डायलेथिया नाही. ही संज्ञा म्हणजे विसंगतीचे भारदस्त नाव नसून सत्याविषयीचा एक अत्यंत धीट दावा आहे, आणि तो दावा करण्याची किंवा निदान दुसऱ्याच्या नावे नोंदवण्याची तयारी असेल तरच ती वापरावी.

ग्रॅहम प्रीस्ट आणि रिचर्ड राउटली या दोन तर्कशास्त्रज्ञांनी १९८१ मध्ये हा शब्द घडवला. ग्रीकमध्ये ‘अलेथेइया’ म्हणजे सत्य. त्याला दुहेरीपणा दाखवणारा ‘दि’ हा उपसर्ग जोडून ‘दोन दिशांना तोंड असलेले सत्य’ असा अर्थ त्यांनी साधला. लुडविग व्हिट्गेन्श्टाइन यांनी गणिताच्या पायाविषयीच्या टिपणांत अशा विधानाला दोन तोंडांच्या जेनस या रोमन देवतेची उपमा दिली होती. तिथून ही कल्पना सुचली. सिद्धान्ताच्या नावाचे स्पेलिंग कसे करायचे हे ठरवायला मात्र दोघेही विसरले, त्यामुळे रोमन लिपीत ते एका ‘ई’च्या फरकाने दोन प्रकारे छापलेले आढळते. शोध घेताना दोन्ही रूपे टाकून पाहावीत.

मराठी वाक्यात ही संज्ञा शक्यतो विधेयाच्या जागी ठेवावी: ‘हे विधान डायलेथिया आहे’. असे केल्याने शब्दाच्या लिंगाचा प्रश्न टळतो आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे संज्ञा योग्य वस्तूला लागते. जे खरे किंवा खोटे असू शकते, तेच डायलेथिया असू शकते. माणूस, भावना, घटना किंवा समाज यांना ती लावणे चूक आहे. ‘त्याचे वागणे डायलेथिया होते’ या वाक्याला काहीच अर्थ नाही. ‘त्याचे वागणे विसंगत होते’ असे लिहिले की काम भागते.

संज्ञा लावण्यापूर्वीची चाळणी ॲरिस्टॉटल यांच्याकडून आयती मिळते, ही थोडी गमतीची गोष्ट आहे, कारण अव्याघाताच्या नियमाचा, म्हणजे व्याघात (विधान आणि त्याचा निषेध एकत्र) खरा असू शकत नाही या नियमाचा, सर्वांत प्रसिद्ध कैवारी तोच. ‘मेटाफिजिक्स’च्या चौथ्या ग्रंथात तो म्हणतो की एकच गुणधर्म एकाच वस्तूच्या ठिकाणी, एकाच वेळी आणि एकाच दृष्टीने असणे आणि नसणे शक्य नाही. यातली ‘एकाच वेळी’ आणि ‘एकाच दृष्टीने’ ही दोन पदे हातात धरून समोरचे उदाहरण तपासावे. पाणी सकाळी थंड होते आणि दुपारी थंड नव्हते, तर काळ वेगळा आहे. एखादा माणूस बुद्धिबळात चतुर आणि व्यवहारात चतुर नाही, तर दृष्टी वेगळी आहे. तिसरी तपासणी शब्दाची: ‘कर’ म्हणजे हात आणि ‘कर’ म्हणजे महसूल, अशी अर्थाची अदलाबदल होत असेल तर व्याघात मुळात उभाच राहत नाही. या तिन्ही चाळण्यांतून जे गळून पडते, त्याला व्याघाताचे फक्त रूप होते.

याच ठिकाणी जैन स्याद्वादाचे उदाहरण घाईने दिले जाते. ‘स्यादस्ति’ (एका अपेक्षेने आहे) आणि ‘स्यान्नास्ति’ (एका अपेक्षेने नाही) या भंगांतला, म्हणजे विधानप्रकारांतला, ‘स्यात्’ हा शब्द प्रत्येक विधानाला विशिष्ट अपेक्षेशी बांधतो: घट स्वतःच्या द्रव्य, क्षेत्र, काळ आणि भाव यांच्या अपेक्षेने आहे, परक्या द्रव्यादींच्या अपेक्षेने नाही. म्हणजे दृष्टी बदलली. सप्तभंगीला, म्हणजे अशा सात भंगांच्या मांडणीला, प्रचलित अर्थाने घेतले तर ती व्याघात टाळण्याची पद्धत ठरते, तो स्वीकारण्याची नव्हे. बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाच्या चतुष्कोटीचे प्रकरण अधिक गुंतागुंतीचे आहे. ‘आहे’, ‘नाही’, ‘आहे आणि नाही’, ‘आहेही नाही आणि नाहीही नाही’ या चार कोटींतली तिसरी डायलेथियासारखी दिसते खरी, आणि प्रीस्ट व तत्त्वज्ञ जे गारफील्ड यांनी नागार्जुनाच्या विचारात खऱ्या व्याघाताचा स्वीकार आहे असे प्रतिपादनही केले आहे; परंतु प्रतिपक्षाचे म्हणणे त्याच्याच गळ्यात अडकवणारा प्रसंग-युक्तिवाद म्हणून तो विचार वाचणारे अभ्यासक हे मान्य करत नाहीत. अशा वेळी ‘नागार्जुन डायलेथिस्ट होता’ असे न लिहिता हे कोणाचे वाचन आहे ते सांगावे.

आता जे उदाहरण चाळणीतून गळत नाही, ते सावकाश पाहू. ‘हे विधान खोटे आहे.’ या लबाडाच्या कूटाचे श्रेय इसवी सनापूर्वी चौथ्या शतकातील मिलेटसच्या युब्युलिडीझ याला दिले जाते. विधान खरे मानले, तर ते जे सांगते तसे असले पाहिजे, म्हणजे ते खोटे आहे. खोटे मानले, तर ते जे सांगते तसेच आहे, म्हणजे ते खरे आहे. येथे काळ बदललेला नाही, दृष्टी बदललेली नाही आणि कोणताही शब्द दोन अर्थांनी वापरलेला नाही. एक पळवाट लगेच सुचते: विधान खरेही नाही आणि खोटेही नाही, असे म्हणावे. सॉल क्रिपकी यांनी १९७५ मध्ये मांडलेला सत्याचा सिद्धान्त अशा पोकळीला जागा देतो. पण मग विधान थोडे बदलून ‘हे विधान खरे नाही’ असे करावे. ते खरेही नाही आणि खोटेही नाही असे म्हटले, तर निदान ते खरे नाही हे आपण मान्य केले. आणि विधान नेमके तेच सांगत असल्यामुळे ते खरे ठरले. पळवाट पुन्हा त्याच खोलीत आणून सोडते. आल्फ्रेड टार्स्की यांनी १९३० च्या दशकात वेगळा मार्ग घेतला: कोणत्याही भाषेतील विधानांच्या सत्याविषयी त्याच भाषेत बोलू नये, तिच्या वरच्या पायरीवरील भाषेत बोलावे. कृत्रिम भाषांपुरता हा उपाय उत्तम आहे. मराठीसारख्या नैसर्गिक भाषेत अशा पायऱ्या कुठे आहेत, हे मात्र कोणी दाखवू शकलेले नाही. डायलेथिस्ट या साऱ्या धडपडीकडे पाहून म्हणतो की युक्तिवादात दोष नाही, म्हणून निष्कर्ष जसा आहे तसा घ्यावा: विधान खरे आहे आणि खोटेही आहे.

येथेही लेखनातली शिस्त सोडू नये. ‘लबाडाचे विधान डायलेथिया आहे’ हे वाक्य पाठ्यपुस्तकी सत्यासारखे लिहू नये, कारण बहुतेक तर्कशास्त्रज्ञ ते मानत नाहीत. ‘प्रीस्ट यांच्या मते लबाडाचे विधान डायलेथिया आहे’ हे वाक्य बिनधोक आहे. तसेच आत्मनिर्देश दिसला की संज्ञा चिकटवू नये. ‘हे विधान खरे आहे’ हे विधानही स्वतःविषयीच बोलते. पण ते खरे मानले तरी अडचण येत नाही आणि खोटे मानले तरी येत नाही. त्याचे सत्यमूल्य ठरवायला आधार नाही, एवढेच. डायलेथियासाठी दोन्ही बाजू सिद्ध व्हाव्या लागतात; दोन्ही बाजू मोकळ्या असणे पुरत नाही.

बर्ट्रंड रसेल यांना १९०१ मध्ये सापडलेला आणि १९०२ मध्ये त्यांनी गॉटलोब फ्रेगे यांना पत्राने कळवलेला संच याच जातीचा आहे: जे संच स्वतःचे घटक नाहीत, त्या सर्वांचा संच. तो स्वतःचा घटक असेल तर नाही, आणि नसेल तर आहे. गणिताने १९०८ पासून झेर्मेलो यांच्या स्वयंसिद्धांच्या वाटेने असा संच बनूच दिला नाही. डायलेथिस्ट तो संच राखतो आणि त्याविषयीची दोन्ही विधाने खरी मानतो.

तर्क आणि गणिताबाहेर जायचे, तर त्यातल्या त्यात विचार करण्याजोगे उदाहरण नियमांचे आहे. समजा, एका संस्थेच्या घटनेत म्हटले आहे की प्रत्येक संस्थापक सदस्याला मताधिकार आहे, आणि दुसऱ्या कलमात म्हटले आहे की संस्थेकडून मानधन घेणाऱ्या कोणालाही मताधिकार नाही. घटना लिहिताना संस्थापक मानधन घेईल असे कोणाच्या मनातही नव्हते. पुढे एकाने घेतले. कोणते कलम वरचढ हे कुठेच लिहिलेले नाही. मताधिकार ही वस्तू घटनेनेच निर्माण केलेली असल्यामुळे, दुरुस्ती होईपर्यंत ‘या सदस्याला मताधिकार आहे’ हे विधान खरेही आहे आणि खोटेही, असा युक्तिवाद करता येतो. त्यावर आक्षेप असा की येथे दोन कलमांत संघर्ष आहे एवढेच सिद्ध होते. संघर्षातून वस्तुस्थिती कोणती निघते हे अनिर्णीत राहते. हा आक्षेप मला वजनदार वाटतो. म्हणून असे उदाहरण द्यायचे असेल तर आक्षेपासह द्यावे.

डायलेथिझमचा सर्वांत जास्त गोंधळ होतो तो पॅराकन्सिस्टंट तर्कशास्त्राशी. तो समजण्यासाठी अभिजात, म्हणजे नेहमीच्या, तर्कशास्त्रात व्याघाताचे काय होते ते एकदा उलगडून पाहावे. ‘पाऊस पडत आहे’ आणि ‘पाऊस पडत नाही’ ही दोन्ही आधारविधाने घेतली. पहिल्यावरून ‘पाऊस पडत आहे किंवा चंद्र चौकोनी आहे’ हे वैकल्पिक विधान निघते, कारण त्याचा एक भाग खरा असणे पुरेसे असते. आता दुसऱ्या आधारविधानाने पहिला विकल्प खोडून काढला की उरते ‘चंद्र चौकोनी आहे’. चंद्राच्या जागी काहीही घालता येते, म्हणजे एका व्याघातातून वाटेल ते निघते. यालाच स्फोटाचा नियम म्हणतात. जे तर्कशास्त्र हा नियम मानत नाही, ते पॅराकन्सिस्टंट. पोलंडमधील स्टॅनिस्लाव याश्कोव्स्की यांनी १९४८ मध्ये आणि ब्राझीलमधील न्यूटन दा कोस्टा यांनी १९६३ मध्ये अशा पद्धती मांडल्या. परस्परविरोधी साक्षी किंवा विसंगत माहितीसंग्रह हाताळताना त्या उपयोगी पडतात, आणि त्या वापरणाऱ्याला एकही व्याघात खरा आहे असे मानावे लागत नाही. उलट, डायलेथिस्टाला मात्र स्फोटाचा नियम सोडावाच लागतो, नाहीतर त्याला प्रत्येक विधान खरे मानावे लागेल. प्रत्येक विधान खरे आहे या मताला ट्रिव्हियलिझम हे वेगळे नाव आहे. काही व्याघात खरे आहेत या मताला ‘सर्व व्याघात खरे आहेत’ असे रूप देऊन टीका करणे हा या विषयावरच्या लेखनातील सर्वांत स्वस्त दोष आहे.

दुसरा दोष अधिक सूक्ष्म आहे. ‘डायलेथिझम अव्याघाताचा नियम नाकारतो’ असे सरसकट लिहिले जाते. प्रीस्ट यांनी १९७९ मध्ये मांडलेल्या, ‘एलपी’ या आद्याक्षरांनी ओळखल्या जाणाऱ्या तर्कशास्त्रात विधान केवळ खरे, केवळ खोटे किंवा दोन्ही असू शकते. तेथे ‘अ आणि अ-नाही, असे नाही’ हे सूत्र वैधच राहते. अ हे डायलेथिया असेल, तर त्या सूत्राचेही मूल्य ‘दोन्ही’ येते, आणि दोन्ही म्हणजे निदान खरे. त्यामुळे डायलेथिस्ट ‘कोणताही व्याघात खोटा असतो’ हे मान्य करू शकतो. काही व्याघात खोटे असून शिवाय खरेही असतात, एवढीच त्याची भर असते. वर दाखवलेला विकल्प खोडून काढण्याचा नियम मात्र एलपीमध्ये चालत नाही: पहिला विकल्प दोन्ही असेल, तर त्याचा निषेध खरा असूनही विकल्प खोडला जात नाही. ‘डायलेथिझमच्या मते काही व्याघात खरे असतात’ असे लिहावे. ते नेमकेही आहे आणि वादातीतही.

यातूनच निषेध आणि नकार यांच्यातील फरक पुढे येतो, आणि मराठीत तो विशेष जपावा लागतो, कारण वृत्तपत्री भाषेत निषेध म्हणजे धिक्कार. तर्कशास्त्रात ‘अ’चा निषेध म्हणजे ‘अ नाही’ हे दुसरे विधान. ‘अ’ला नकार देणे ही मात्र विधान न स्वीकारण्याची कृती आहे. सर्वसाधारण माणसाने ‘अ नाही’ म्हटले की त्याने ‘अ’ नाकारले असे आपण धरतो. डायलेथिस्टाच्या बाबतीत असे धरता येत नाही. तो ‘अ नाही’ म्हणूनही ‘अ’ स्वीकारत असू शकेल. टीकाकार विचारतात की मग असा माणूस मतभेद व्यक्त कसा करणार. प्रीस्ट यांचे उत्तर असे की नकार ही स्वतंत्र कृती आहे आणि एकाच विधानाचा एकाच वेळी स्वीकार आणि नकार कोणी करू शकत नाही. तत्त्वज्ञ डेव्हिड लुइस यांनी तर अव्याघाताच्या नियमावर वाद घालायलाच अनिच्छा दर्शवली होती, कारण त्याच्याहून पक्के आधारविधान आणायचे कुठून, हा प्रश्न होता. विरोधी बाजू मांडताना ही दोन्ही टोके वाचकापुढे ठेवावीत.

उदाहरणांच्या यादीत करीच्या कूटाला घेऊ नये. हॅस्केल करी यांनी १९४२ मध्ये चर्चिलेले हे कूट असे: ‘हे विधान खरे असेल, तर चंद्र चौकोनी आहे.’ विधान खरे आहे असे क्षणभर गृहीत धरले, तर ते जे सांगते त्यावरून चंद्र चौकोनी ठरतो. म्हणजे ‘ते खरे असेल तर चंद्र चौकोनी आहे’ हे सिद्ध झाले. पण विधान नेमके हेच सांगते, म्हणून ते खरे. आणि म्हणून चंद्र चौकोनी. यात ‘नाही’ कुठेच नाही. त्यामुळे ‘ते खरेही आहे आणि खोटेही’ असे म्हणून डायलेथिस्टाची सुटका होत नाही. त्याला ‘जर-तर’चेच नियम बदलावे लागतात, आणि कोणते नियम बदलावेत यावर डायलेथिस्टांमध्येही एकमत नाही.