फुलपाखरांची ओळख पंखांवरून पटवताय? या चुका टाळा

पाऊस ओसरला की ठाण्याच्या येऊर, ओवळेकर वाडीत आणि नवी मुंबईतल्या खारघरच्या डोंगरावर कॅमेरे घेऊन फिरणारे वाढतात. त्यांच्या चुकलेल्या नोंदींचं मूळ बहुतेक वेळा एकच: आधी रंग पाहिला.

नारिंगी पंख, काळी कड आणि टोकाला पांढरे ठिपके दिसले की ‘प्लेन टायगर’ लिहून मोकळं होऊ नका. डॅनेड एगफ्लायची मादी हुबेहूब तशीच दिसते. प्लेन टायगरची अळी रुई खाते. रुईच्या चिकातलं विष पुढे फुलपाखरातही उतरतं, म्हणून पक्षी त्याच्या वाटेला जात नाहीत. एगफ्लायची अळी वाढते घोळीच्या भाजीवर. तिच्यात विष नाही, मादी नुसता वेश घेते. फरक मागच्या पंखावर शोधा. प्लेन टायगरला मधल्या भागात तीन काळे ठिपके असतात, नराला चौथाही. एगफ्लायच्या मादीला वरच्या कडेजवळ एकच. पुढचा पंख वर आला की हा ठिपका झाकला जातो, तेव्हा पंख पूर्ण उघडेपर्यंत थांबा.

दुसरी फसगत घरातच होते. बाल्कनीतल्या कढीपत्त्याभोवती काळं फुलपाखरू घिरट्या घालतंय, मागच्या पंखावर पांढरा डाग आणि लाल चंद्रकोरी आहेत, म्हणून त्याला कॉमन रोझ म्हटलं जातं. रोझ अंडी घालते ईश्वरीच्या वेलावर. कढीपत्त्यावर येते ती कॉमन मॉरमॉनची मादी. इथे पंख सोडा, अंग बघा: रोझचं डोकं आणि पोटाचं टोक लालभडक, मॉरमॉनचं अंग काळं. ही मादी तीन रूपांत येते, एक नरासारखं, दुसरं कॉमन रोझसारखं, तिसरं क्रिमसन रोझसारखं. त्यांच्या तीन जाती करू नका.

एकाच बाजूचा फोटो पुरत नाही. हळदीकुंकू (कॉमन जेझेबेल) हे फुलपाखरू वरून पांढरं, काळ्या शिरांचं. नावातली हळद आणि कुंकू पंखांच्या खालच्या बाजूला आहे.

तारीखही लिहा. कॉमन इव्हनिंग ब्राउनच्या पंखाखाली पावसाळ्यात पिवळ्या कडीचे डोळ्यांसारखे गोल ठिपके ठसठशीत दिसतात. उन्हाळ्यात त्यांचे जेमतेम टिंब उरतात आणि पंख वाळक्या पानासारखा होतो. जात एकच, अळी वाढताना हवा किती गरम होती, त्यावर हे रूप ठरतं.

एगफ्लायच्या नराच्या पांढऱ्या ठिपक्यांभोवतीची जांभळी-निळी झाक फोटोत आली नाही, तर दोष कॅमेऱ्याचा नाही. पिवळा-नारिंगी रंग रंगद्रव्याचा असतो, ही झाक खवल्यांच्या सूक्ष्म रचनेवर प्रकाश पडून उमटते. वीतभर बाजूला सरका, कोन बदला, ती दिसेल. पंख चिमटीत मात्र धरू नका. बोटाला लागते ती पावडर म्हणजे कौलांसारखे एकावर एक बसलेले हेच खवले, आणि ते पुन्हा येत नाहीत.

कुंडीतला कोष काळा पडला म्हणून कुणी फेकून देतं, त्याचं फार वाईट वाटतं. आधी उजेडासमोर धरून पाहा. पातळ कवचातून पंखांची नक्षी दिसत असेल, तर फुलपाखरू बहुधा दुसऱ्या दिवशी सकाळी बाहेर येईल. कोष मऊ पडून पाणी सुटलं असेल किंवा वास येत असेल, तरच तो मेलेला. बाहेर आलेल्याचे पंख चुरगळलेले दिसले तरी बोटाने सरळ करू नका. फांदीला उलटं लटकून ते स्वतःच अंगातलं द्रव पंखांत भरतं. खाली पडलं असेल, तर एक खरखरीत काडी उभी टेकवून द्या आणि दोन-तीन तास हात लावू नका.