'द वॉल' ऐकताना या चुका टाळा

ब्रिटिश रॉक बँड पिंक फ्लॉइडचा 'द वॉल' हा अल्बम (१९७९) चांगल्या हेडफोनवर लावूनही कित्येकांना तो तुटक, नाहीतर कर्कश वाटतो. दोष बहुतेक वेळा सेटिंगचा असतो.

पहिली चूक पहिल्याच काही सेकंदांत होते. अल्बम अगदी दबक्या धुनेने सुरू होतो. शेवटच्या गाण्यानंतर एक वाक्य अर्धवट तुटतं, त्याचा उरलेला तुकडा इथे आहे, म्हणून ही कुजबुज मुद्दाम ठेवलेली आहे. ऐकू येत नाही म्हणून व्हॉल्यूम वाढवला की क्षणात सगळा बँड अंगावर कोसळतो. छोटा अ‍ॅम्प्लिफायर क्लिप होतो, म्हणजे ताकदीबाहेर जाऊन आवाज फाटतो, आणि ट्वीटर (बारीक, उंच सुरांचा स्पीकर) जळू शकतो. आधी याच अल्बममधल्या जोरकस 'रन लाइक हेल'वर आवाज लावा, मग सुरुवातीला या आणि बटणाला हात लावू नका.

दुसरी तक्रार ठरलेली: 'द हॅपिएस्ट डेज ऑफ अवर लाइव्ह्ज'मधून शाळेच्या गाण्यात ('अनदर ब्रिक इन द वॉल', भाग २) शिरताना 'टक्' होतं. लोक केबल बदलतात, डॅक (डिजिटल फाइलचा आवाज करणारं यंत्र) बदलतात, टक् जागच्या जागी. कारण फाइलमध्ये असतं. एमपी३मध्ये आवाज ठरावीक मापाच्या तुकड्यांत (फ्रेम) साठवतात, एक फ्रेम ११५२ सॅम्पलची, म्हणजे आवाजाच्या ११५२ नोंदींची, त्यामुळे गाण्याच्या दोन्ही टोकांना शांततेची कोरी भर पडते. प्लेअरने ती कापली नाही तर सांधा उघडा पडतो. फ्लॅक फाइल (आवाजातलं काहीही न गाळणारी) घ्या, प्लेअरमध्ये गॅपलेस (दोन गाण्यांत खंड न पाडणारी सोय) चालू करा, क्रॉसफेड (एक गाणं दुसऱ्यात मिसळणं) शून्यावर ठेवा. रीप्लेगेन (गाण्यांचा आवाज आपोआप सारखा करणारी सोय) वापरत असाल तर 'अल्बम' निवडा, 'ट्रॅक' कधीच नको. ट्रॅकवर ठेवलं की हळुवार 'व्हेरा' पुढच्या 'ब्रिंग द बॉइज बॅक होम'च्या बरोबरीला येतं आणि तिथली सगळी उसळी मरते. शफल तर बंदच हवं.

तबकडीवर 'कम्फर्टेबली नम'चा शेवटचा गिटार सोलो खरखरला की लगेच प्रेसिंगला दोष देऊ नका. अल्बम दोन तबकड्यांचा, म्हणजे चार बाजूंचा; हा सोलो तिसऱ्या बाजूच्या टोकाला, आतल्या खाचांत आहे. बाहेरच्या कडेला सुईखालून सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर खाच सरकते, आत जेमतेम २१, म्हणून आवाजाची तीच लहर आत दाटीवाटीने कोरलेली असते. सुई साफ करा, प्रोट्रॅक्टरने (कोन मोजायची पट्टी) कार्ट्रिजचा, म्हणजे सुई बसवलेल्या डबीचा, कोन तपासा, सुईवरचं वजन कार्ट्रिजच्या पत्रकात दिलंय तेवढंच ठेवा. वजन कमी केलं की तबकडी वाचते हा गैरसमज आहे. हलकी सुई खाचेत उडते आणि भिंती खरवडते.

सीडीपेक्षा सरस म्हणून विकल्या जाणाऱ्या फाइलींच्या '२४ बिट, ९६ किलोहर्ट्झ' या नावावर भाळू नका. आवाजाचा आलेख दाखवणाऱ्या स्पेक या प्रोग्रॅममध्ये फाइल उघडा. २२ किलोहर्ट्झच्या वर सगळं सपाट काळं दिसलं तर ती बहुधा सीडीचीच फाइल, फक्त आकडे फुगवलेली आहे.

गाजलेली तीनच गाणी उचलायची घाई करू नका. ८० मिनिटं नसतील तर एक बाजू ऐका, साधारण २० मिनिटं, पण सलग.

आणि मूळ कव्हरवर छापलेले गाण्यांचे शब्द ऐकण्याशी जुळत नाहीत म्हणून अल्बम पुन्हा डाउनलोड करू नका. 'हे यू' ऐनवेळी तिसऱ्या बाजूच्या सुरुवातीला हलवलं गेलं आणि 'व्हॉट शॅल वी डू नाउ?' छापून आलं तरी तबकडीवर नाही. तुमची फाइल पूर्ण आहे.